घाटाखालून वाचलेला ‘असूड’

मागे ऐकू येतंय ना? ठीक.

आम्हाला दिलेला विषय होता, ‘इंग्रजी अमदानीतला गरीब शेतकरी आणि मराठी साहित्य’. एवढा विषय तासाभरात मांडायचा म्हणजे नुसती नावांची यादी होईल आणि तुम्ही जांभया द्याल. म्हणून आम्ही एकच पुस्तक घेतले आहे. जोतीराव फुले यांचे ‘शेतकऱ्याचा असूड’. आणि ते आज आपण वैशाखऱ्यात बसून वाचणार आहोत.

जे हे व्याख्यान नंतर मोबाइलवर ऐकतील किंवा त्याचे शब्दांकन वाचतील, त्यांच्यासाठी थोडा भूगोल. कल्याणहून मुरबाड, पुढे टोकावडे, मग वैशाखरे. समोर सह्याद्रीची भिंत. एका बाजूला नाणेघाट, तो चढलात की जुन्नरचा मुलूख. रस्त्याने सरळ माळशेज चढलात की ओतूर. भूगोल मुद्दाम सांगतोय. हे पुस्तक कुठे कुठे वाचून दाखवले, त्या गावांची नावे जोतीरावांनी स्वतः उपोद्घातात दिली आहेत. मुंबई, पुणे, ठाणे, जुन्नर, ओतूर, हडपसर अशी ती यादी आहे. बडोद्याला सयाजीरावांपुढेही त्यांनी ते वाचले. म्हणजे घाटाच्या वर जुन्नर-ओतूरला हे पुस्तक ऐकले गेले आणि घाटाखाली ठाण्यातही ऐकले गेले. आपण बरोबर मधे बसलो आहोत.

‘ऐकले गेले’ म्हणतोय, तिकडे लक्ष द्या. १८८३ साली हे लिहून झाले. पहिली दोन प्रकरणे ‘दीनबंधू’त आली. पुढची छापायला छापखानेवाले कचरले, आणि जोतीरावांनी त्यांच्या भित्रेपणाबद्दल त्यांना चांगलेच सुनावले. अख्खे पुस्तक काही त्यांच्या हयातीत छापून निघाले नाही. १८९० साली ते गेले. सरकारने समग्र वाङ्मय काढले ते १९६९ साली, धनंजय कीर आणि स. गं. मालशे यांच्या संपादनाखाली. म्हणजे मराठीतले शेतकऱ्यावरचे सगळ्यात महत्त्वाचे पुस्तक कितीतरी वर्षे अर्धेमुर्धेच लोकांसमोर होते. आमच्या पिढीने महाविद्यालयात ‘मराठी गद्याचा विकास’ शिकताना चिपळूणकर पाठ केले, आगरकर पाठ केले. ‘असूड’ हे नाव एका ओळीत येऊन जायचे.

नंतर आम्ही शिकवायला लागलो, तेव्हा ते पुस्तक हातात घेतले आणि प्रामाणिकपणे सांगतो, पहिल्या वाचनात आवडले नाही. तत्त्वज्ञानाच्या माणसाला मांडणी लागते. एकातून दुसरे निघाले पाहिजे. इथे काय आहे? पहिल्या प्रकरणात गर्भाधानापासून श्राद्धापर्यंत भटजी शेतकऱ्याकडून काय काय काढतो त्याची जंत्री. दुसऱ्यात कुलकर्णी, मामलेदार कचेरीतले कारकून, कोर्टकचेरी. तिसऱ्यात एकदम इराणातून आलेले आर्य, आणि तिथून उडी थेट सरकारी पट्ट्या, लोकल फंड, कर्ज इथे. चौथ्यात एक शेतकरी झाडाखाली बसून बोलतो. पाचव्यात सरकारला सूचना. हिशेब, इतिहास, नाटक, शिव्या, अर्ज, सगळे एका गाठोड्यात. वर्गात आम्ही म्हणायचो, आशय थोर, पण रचना विस्कळीत. अनेक समीक्षक अजूनही असेच म्हणतात. आज आम्ही ते म्हणणार नाही. का, तेच सांगायचे आहे.

आमच्या विषयातल्या एका जुन्या वर्गवारीपासून सुरुवात करू. सांख्य तत्त्वज्ञान दुःखापासून सुरू होते. ईश्वरकृष्णाची सांख्यकारिका पहिल्याच कारिकेत तीन प्रकारच्या दुःखांचा आघात मानते. आध्यात्मिक म्हणजे आपल्या शरीर-मनातले, ताप, काळजी. आधिभौतिक म्हणजे इतर प्राण्यांपासून होणारे, साप चावला, चोराने मारले. आधिदैविक म्हणजे वरून येणारे, पाऊस आला नाही, वीज पडली, ग्रह फिरले. टीकाकारांनी हे कप्पे असे समजावून दिले आणि हजार-दीड हजार वर्षे आपण दुःख त्यांत टाकत आलो. आता गंमत बघा. साप आणि चोर एकाच कप्प्यात. मग सरकारी हप्ता कुठे टाकायचा? सावकाराचे व्याज कुठे? माणसापासून होते म्हणून सापाशेजारी? ओढूनताणून तसे बसवता येईल. पण साप काही कागद करत नाही. साप पावती देत नाही. सापाविरुद्ध अपील नसते.

आमचे म्हणणे असे की ‘असूड’ हे पुस्तक म्हणजे या कप्प्यांची फेरमांडणी आहे. शेतकरी ज्याला दैव म्हणत होता त्यातली एकेक वस्तू उचलून जोतीराव माणसाच्या खात्यावर टाकतात. ही वस्तू कुणी केली, कोणत्या खात्याने केली, कोणत्या कागदाने केली, हे विचारतात. हे सूत्र धरले की पाचही प्रकरणे एका कामाची दिसायला लागतात.

रानडुकराचे उदाहरण घ्या. हसू नका. इथे बसलेल्यांपैकी ज्यांची खाचरे रानालगत आहेत त्यांना ठाऊक आहे, भात पोटरीत आले की डुकरांचा कळप एका रात्रीत काय करतो ते. सांख्याच्या हिशेबाने हे चोख आधिभौतिक दुःख. जनावराने केले, कुणाला काय बोलणार? जोतीराव म्हणतात, थांबा. शेतकऱ्याजवळ गावठी बंदुका होत्या, त्या सरकारने काढून घेतल्या. (१८७८चा शस्त्रकायदा आठवा.) त्याचा हात बांधलात, तर आता पिकाची राखण तुम्ही करा, पोलिसांकडून करा. आणि राखण होत नसेल तर झालेले नुकसान अंमलदारांच्या पगारातून किंवा खजिन्यातून भरून द्या. डुक्कर तेच, शेत तेच, पण दुःखाचे खाते बदलले. जनावराच्या नावावर होते ते सरकारच्या नावावर गेले. सूचनांच्या यादीतली एक साधी मागणी म्हणून लोक हे वाचून पुढे जातात. आम्हाला यात अख्ख्या पुस्तकाची पद्धत दिसते.

पावसाचेही तसेच. १८७६ ते १८७८चा दुष्काळ ताजा होता. दुष्काळ म्हणजे दैवी कोप, हे राजालाही सोयीचे आणि पुरोहितालाही. जोतीराव काय म्हणतात? ओढ्यानाल्यांवर, डोंगरउतारावर बंधारे घाला, तळी करा, पाणी आणि गाळ जिरू द्या, आणि हे काम रिकाम्या वेळेत लष्कराच्या नि पोलिसांच्या माणसांकडून करून घ्या. पाऊस पाडणे सरकारच्या हातात नाही, पाणी अडवणे आहे. ते स्वतः सरकारी बांधकामांची कंत्राटे घेत. चुना, दगड, मजुरी म्हणजे काय ते त्यांना कळत होते. ही सूचना कुणा स्वप्नाळू माणसाची नाही.

आणि इथल्या लोकांना एक सांगतो. पुस्तक लिहिल्यानंतर नऊ वर्षांनी, १८९२ साली, सरकारने शेजारच्या शहापूर तालुक्यात खरेच मोठे धरण पुरे केले. तानसा. पण ते मुंबईला पाणी प्यायला. म्हणजे बांधता येत नव्हते असे नाही. पुढे वैतरणा झाली, भातसा झाली, आणि एप्रिल-मे लागला की त्याच तालुक्यातल्या पाड्यांवर टँकरची वाट बघणे चालू असते. इथे आभाळ जून ते सप्टेंबर कोसळते हो! तरी होळी झाली की बायका हंडे घेऊन निघाल्याच. याला आधिदैविक म्हणायचे का, तुम्हीच ठरवा.

पहिल्या प्रकरणाबद्दल तरुण मित्र जरा अवघडतात. सारखे भटजी, सारखी दक्षिणा, आता काय त्याचे, असे त्यांना होते. त्यांना आम्ही नाणेघाटात घेऊन जातो. वर खिंडीत दगडी रांजण आहे, जकातीचा म्हणून दाखवतात. जवळच्या लेण्यात सातवाहनांची राणी नागनिका हिचा म्हणून ओळखला जाणारा दोन हजार वर्षांपूर्वीचा लेख आहे. त्यात आहे काय? कोणकोणते यज्ञ केले आणि दक्षिणा काय दिली. गायी हजारांनी, घोडे, हत्ती, कार्षापण म्हणजे नाणी. एका जागी रांजण, एका जागी दक्षिणेची यादी, मधे थोडेसेच अंतर. पैसा कुठून आत येतो आणि कुठे बाहेर जातो, हे दगडात लिहून ठेवलेले एवढे स्वच्छ दुसरे ठिकाण आम्हाला माहीत नाही. फक्त बैलावर माल लादून घाट चढणाऱ्याचे नाव तिथे कुठे नाही. जोतीरावांचे पहिले प्रकरण हीच यादी वाचते, पण देणाऱ्याच्या बाजूने. जन्म, बारसे, लग्न, घर बांधणे, ग्रहण, यात्रा, मरण. आयुष्याच्या प्रत्येक वळणावर एक जकातनाका. श्रद्धेला विरोध हा त्यातला एक भाग झाला. खरा रोख असा आहे की वर्षाच्या जमाखर्चात ही रक्कम कुणी मोजतच नाही. सरकारचा वसुली अधिकारी सारा मोजतो, सावकार व्याज मोजतो, ही तिसरी गळती मात्र ‘पुण्य’ या नावाखाली हिशेबाबाहेर राहते.

आता चौथे प्रकरण. आमच्या मते पुस्तकाचे काळीज इथे आहे, म्हणून इथे जरा रेंगाळू.

एक शेतकरी साऱ्याच्या बाबतीत काही सवलत मिळते का म्हणून कलेक्टरसाहेबाच्या छावणीवर गेला आहे. काम झालेले नाही. परत येताना तो झाडाखाली बसतो आणि स्वतःशीच बोलू लागतो. जमिनीची मोजणी, वाढलेला सारा, कचेरीतली माणसे, कर्ज, सगळे बाहेर येते. मुद्देसूद येते. इथे आम्ही वर्गात काय म्हणायचो? की हे अस्वाभाविक आहे. निरक्षर कुणबी असे युक्तिवाद करत नाही. लेखकाने स्वतःचे भाषण त्याच्या तोंडी घातले आहे.

हे आम्ही किती वर्षे शिकवले, सांगायला लाज वाटते. कारण त्याचे उत्तर आमच्याच लहानपणात पडलेले होते. आमचे आजोबा कूळ होते. कूळकायदा झाल्यानंतरची गोष्ट, १९६०च्या आसपास. जमिनीला नाव लागावे म्हणून ते एका कचेरीत खेपा घालत. आम्ही नऊ-दहा वर्षांचे, सोबतीला. दारात चपला काढायच्या. त्यांच्या पायात असायच्याच असे नाही. आत गेले की ‘हो साहेब’, ‘जी साहेब’, एवढेच. टेबलामागचा माणूस कागद सरकवायचा, म्हणायचा पुढच्या बुधवारी या. आजोबा ‘बरं’ म्हणायचे. बाहेर येऊन गावाच्या वाटेला लागलो की मैलभर गप्प. मग हळूहळू ओठ हलायला लागायचे. जे आत बोलायला हवे होते ते सगळे तिथे, त्या धुरळ्यात, बोलायचे. किती पावसाळे कसतोय, कोणाच्या बापाने बांध घातला, खंडाची पावती का दिली नाही, तुम्ही परवा त्या अमक्याचे काम कसे केलेत. एकाला एक लागून. आम्ही मागून चालत होतो. पोराला काय कळतंय, असे त्यांना वाटत असावे. असा वकील आम्ही पुढे कधी पाहिला नाही. वेळ टळून गेल्यावर, ऐकणारे कुणी नसताना, केलेली ती वकिली होती.

तेव्हा जोतीरावांच्या शेतकऱ्याचे ते स्वगत अस्वाभाविक नाही. अस्वाभाविक आहे ती कचेरीतली शांतता. शेतकऱ्याला बोलता येत नाही असे नाही. बोलणे जिथे उपयोगाचे, तिथे त्याची वाचा जाते, आणि ती परत येते तेव्हा समोर फक्त झाड असते. जोतीरावांनी हे कुठेतरी पाहिले असणार, ऐकले असणार. आणि मग त्यांनी काय केले? ते झाडाखालचे बोलणे उचलून ओतूरला, ठाण्याला, चार माणसांत बसून मोठ्याने वाचले. ऐकणारे शेतकरी होते. चुकीचे काही असते तर तिथेच कुणीतरी म्हणाले असते, ‘तात्या, असं नाही, आमच्याकडे वेगळं आहे.’ छापील पुस्तकाला ही परीक्षा द्यावी लागत नाही.

स्वगत संपते आणि निवेदक शेतकऱ्याच्या घरात शिरतो. इथे सावध होऊन वाचा. गोठा, चूल, अंथरूण-पांघरूण, अंगावरचे फाटके, दुखणे, पोरांचे हाल, घाण. काही झाकत नाहीत. नंतरच्या काळात खेड्याचे जे गोजिरवाणे चित्र मराठीत आले, सारवलेले अंगण, तुळस, हसरी गाय, त्याची इथे सावलीही नाही. वाचताना आम्हाला नेहमी जप्तीचा पंचनामा आठवतो. बेलिफ घरात शिरून असेच लिहितो: तांब्या एक, पितळी दोन, घोंगडी फाटकी एक. तीच रीत, तेच वस्तू मोजत जाणे. फरक एवढाच की बेलिफाची यादी शेतकऱ्यावर चालते आणि ही यादी सरकारवर चालवलेली आहे. पुस्तकाचे नाव ‘असूड’ का, याचीही चर्चा होते. असूड ही बैल हाकायची वस्तू. ती शेतकऱ्याच्याच हातात असते. इथे ती फक्त दुसरीकडे वळली आहे.

थोडे आकड्या-सालांचे सांगतो, नाहीतर तुम्ही म्हणाल सगळे काव्यच झाले. रयतवारीत सारा रोखीत, आणि दर ठरले की तीस वर्षे. दख्खनेत ही मोजणी गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी १८३५-३६च्या सुमारास इंदापुराकडून सुरू केली. तीस वर्षे सरली तेव्हा नेमका अमेरिकेतल्या यादवी युद्धाचा काळ. १८६१ ते १८६५, कापसाला सोन्याचा भाव. त्या तेजीच्या अंदाजाने नवे दर आले, आणि युद्ध थांबताच भाव कोसळले. सारा मात्र वर गेला तो गेला. तो भरायला सावकार. १८७५च्या मे महिन्यात सुप्याला वह्या-खतपत्रांची होळी झाली, दंगे पुण्या-नगरभर पसरले. १८७९ साली शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा आला. लक्षात घ्या, त्या लोकांनी बहुतेक ठिकाणी सावकाराचे कागद मागितले आणि जाळले. न वाचता येणाऱ्या माणसाला नेमके ठाऊक होते की आपले दुःख कुठल्या वस्तूत ठेवलेले आहे.

यावरून पुस्तकाच्या दारातल्या त्या प्रसिद्ध ओळींकडे येतो. अविद्येपासून सुरू होऊन दारिद्र्यापाशी थांबणारी ती साखळी. तुम्हाला पाठ आहेत, आम्ही म्हणत नाही. एकदा एका विद्यार्थ्याने, याच भागातल्या, वर्गात विचारले होते, ‘सर, म्हणजे शेतकरी अडाणी राहिला ही त्याचीच चूक?’ तेव्हा आम्ही काहीतरी लांबलचक बोललो. आज एवढेच म्हणू की कारण आणि दोष या दोन वस्तू आहेत. दिवा नसल्यामुळे घरात चोरी झाली, हे कारण झाले. म्हणून चोर सुटत नाही. जोतीराव अविद्येला साखळीच्या टोकाशी ठेवतात कारण साखळी तिथून उचलता येते. आणि ती अविद्या कुणी राखली, हे तर त्यांनी १८८२ साली हंटर आयोगाला दिलेल्या निवेदनात सरळ सांगितले आहे: पैसा रयतेच्या घामाचा, शिक्षण वरच्यांच्या मुलांना. साऱ्यावर रुपयाला आणा लोकल फंड शेतकरी भरत होता, आणि शाळेच्या बाकावर त्याचा पोरगा नव्हता.

आता दोष. समीक्षा म्हणजे आरती नव्हे.

तिसऱ्या प्रकरणातला इतिहास, ते इराणहून येणे वगैरे, आज त्या रूपात टिकत नाही. त्याचा उपयोग समजतो: ज्यांना ‘तुम्ही अनादि काळापासून असेच’ सांगितले गेले, त्यांना ‘नाही, हे कुणीतरी केले’ असे सांगणारी कथा हवी होती. पण उपयोग आहे म्हणून विधान खरे ठरत नाही. ‘आशय बघा, तपशील सोडा’ म्हणणारे चाहते जोतीरावांवर अन्याय करतात, कारण तो माणूस तपशिलावर जगत होता.

दुसरा दोष आम्हाला जास्त टोचतो. दुसऱ्या प्रकरणात गोरा अधिकारी ऐषारामी, आळशी म्हणून सुटतो आणि पाप नेटिव्ह कारकुनाच्या माथी जाते. धनी झोपला, नोकराने लुटले. पण सारा तीस वर्षांनी वाढवायचा हे कारकुनाने ठरवले नव्हते. पुढच्या प्रकरणांत सूर बदलतो, पगार, पेन्शनी, पट्ट्या यांवर ते सरकारला सोडत नाहीत. तरी दोन्ही सूर एका पुस्तकात शेजारी राहतात आणि सांधा उघडा दिसतो.

तिसरा दोष घाटाखालून दिसतो. जोतीरावांचा शेतकरी मुख्यतः देशावरचा आहे. मोट, विहीर, भाकरी, बैलजोड्या. तो गरीब आहे, पण त्याच्या नावावर जमीन आहे, साऱ्याची पावती त्याच्या नावे फाटते. इथे ज्यांच्या नावाने पावतीच फाटत नव्हती त्यांचे काय? ठाकर, कातकरी, महादेव कोळी. पावसाळ्यात खावटी उचलायची आणि सुगीला दीडपट-दुपटीने फेडायची. ठाणे जिल्ह्यात लग्नाच्या कर्जापायी नवराबायको सावकाराकडे राबायला बांधली जात, ‘लग्नगडी’ म्हणत त्यांना. स्वातंत्र्याच्या उंबरठ्यावर, १९४५ साली, वारल्यांनी ते मोडून काढले, गोदावरी परुळेकरांनी ‘जेव्हा माणूस जागा होतो’मध्ये ते लिहून ठेवले. त्या माणसाचे घर जोतीरावांच्या चौथ्या प्रकरणात नाही.

पण एका जागी जोतीराव घाट उतरून आपल्याकडे येतात. जंगलखात्याबद्दल लिहितात तिथे. पूर्वी ज्याची शेती तुटपुंजी असे तो रानातली उंबरे-जांभळे खाऊन, पळस-मोहाची पानेफुले नि सरपण विकून, गायरानावर एखाददुसरी गाय, चार शेरड्या पाळून कसाबसा गावात टिकत होता. जंगलखात्याने डोंगर, दऱ्या, पडीक रान, गायरान सगळे गिळले आणि शेरडीलाही जागा ठेवली नाही, असे ते म्हणतात. १८७८चा वनकायदा आला त्याला पाचच वर्षे झाली होती. इतक्या लवकर, इतक्या नेमकेपणाने हे ओळखले त्यांनी! आणि डोंगरावरचा पालापाचोळा, जनावरांचे शेण पावसाने खालच्या शेतात उतरते आणि जमीन कसदार ठेवते, हेही ते सांगतात. हे वाक्य घाटाच्या पायथ्याच्या माणसाला समजावून सांगावे लागत नाही.

इथला तेव्हाचा मोठा झगडा राबाचा होता. दाढीच्या जागेवर फांद्या, पाला, गवत, शेण पसरून उन्हाळ्यात भाजायचे, मग त्यात भात नाहीतर नाचणी पेरायची. राब नाही तर रोप नाही. जंगलखात्याला त्यात फक्त तुटलेल्या फांद्या दिसत. ठाणे-कुलाब्यातून ओरड एवढी झाली की सरकारला १८८५ साली वन आयोग नेमावा लागला, त्याचा अहवाल १८८७चा. १८८२ साली निघालेल्या ठाणे जिल्ह्याच्या गॅझेटियरात नांगर किती, बैल किती हे सगळे मोजलेले आहे. मोजदाद उत्तम आहे, आम्ही ती वापरतो. पण फांदी तोडली म्हणून दंड भरणाऱ्याला त्या रात्री घरी काय सांगावे लागले असेल, हे मोजायला त्यात रकाना नाही.

आणि मोहाचे पुढे काय झाले? १८९२ साली याच ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांसाठी मोहाच्या फुलांवर कायदा आला. फुले गोळा करणे, घरात ठेवणे यावर बंधन. कारण अबकारीचे उत्पन्न बुडते. झाड अंगणात, फूल आपोआप खाली पडलेले, आणि ते उचलले तर गुन्हा. जोतीराव तोवर गेले होते. असते तर रानडुकरासारखी त्याचीही फेरनोंद त्यांनी केली असती.

घड्याळाकडे बघतोय, वेळ झाली. मागे एक आजी मघापासून हात वर करतायत. बोला आजी... माइक द्या त्यांना. नको? बरं, मोठ्याने बोला... त्या विचारतायत, त्या पुस्तकात मोहाचं खरंच लिहिलंय का, की तुम्ही आमच्यासाठी म्हणताय.

लिहिलंय आजी. मोह आहे, पळस आहे, उंबर आहे, शेरड्या आहेत. पिशवीत पुस्तक आहे, थांबा, पान काढून वाचूनच दाखवतो.